पाचवी मूठ

२ फेब्रुवारी, संध्याकाळी ७

आईला हॉस्पिटलमधून घरी आणलं. डॉक्टर म्हणाले, हृदय फार थकलंय, आता घरीच ठेवा, त्यांना आवडेल ते करू द्या. म्हणजे सुधारणा आहे. सिरियस असती तर सोडलं असतं का? हे बायकोला नीट समजावून सांगितलं, तर ती नळ सोडून भांडी घासत बसली. घासलेलीच भांडी.

आजपासून रोजनिशी पुन्हा सुरू. मागची वही मध्येच थांबली, पण त्याला कारणं होती. या खेपेला संकल्प एकच. रोज एक तास आईजवळ बसायचं, मोबाइल दुसऱ्या खोलीत ठेवून.

३ फेब्रुवारी

आईजवळ बसलो. वीस मिनिटं. मग तिला झोप लागली. झोपलेल्या माणसाजवळ उगाच बसून काय करायचं? उरलेली चाळीस मिनिटं उद्यात धरली.

५ फेब्रुवारी

थकलेली मिनिटं एकशे वीस झाली. रविवारी एकदम भरून काढू.

आज आईने आपणहून एक मागणी केली. लोणचं घालायचं म्हणते. लिंबाचं, आपल्या घरच्या पद्धतीचं.

ही पद्धत वडिलांच्या आईने घालून दिलेली. खाणारं माणूस एक, तर लिंबं दहा आणि मीठ एक मूठ. बाकी नुसती लाल मिरची. मीठ ज्याचं त्याने आपल्या हाताने टाकायचं. दुसऱ्याच्या वाटचं टाकायचं नाही, टाकलं तर बरणी नासते म्हणे. मी पाळण्यात होतो तेव्हा आजीने माझी मूठ मिठात बुडवून बरणीवर झटकली होती. मी तेव्हाही रडलो नव्हतो असं आई सांगते.

सहा वर्षं घरात हे लोणचं नाही. धाकटा भाऊ घर सोडून गेला तेव्हापासून आई म्हणते, माणसं पुरी नाहीत. आम्ही दुकानातलं आणतो. वाईट नसतं.

आता म्हणते, पन्नास लिंबं आण आणि त्याला बोलाव. आई, मी, बायको, मुलगी आणि तो, अशी पाच माणसं. "तू बोलाव," असं दोनदा म्हणाली. मी म्हटलं, त्यात काय एवढं, आजच फोन करतो.

७ फेब्रुवारी

फोन झाला नाही. धाकटा बसच्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक, दिवसभर गाडीखाली आडवा. गाडीखालच्या माणसाला फोन करणं बरोबर नाही. उद्या जेवणाच्या सुट्टीत करीन.

आईला सांगितलं की केला, येतो म्हणालाय. उद्या करणारच आहे. एक दिवस आधी सांगितलं, एवढंच.

८ फेब्रुवारी

गोदामात आज फरश्यांच्या तीनशे बारा पेट्या उतरल्या. अकरा पेट्यांत तुकडे. कुठल्या पेटीत किती, कोपरा उडालाय की मधोमध तडा, सगळी नोंद मीच ठेवतो. साहेब म्हणतात, तुमच्यासारखा स्टोअरकीपर मिळणार नाही. ते हसत होते, पण कौतुकानेच.

फोन राहिला.

आणि मुळात मी का करायचा? वडिलांच्या शेवटच्या आजारात, हॉस्पिटलच्या जिन्यात, चार लोकांदेखत धाकटा मला म्हणाला होता, "दादा, तू नुसत्या नोंदी करतोस. करत काहीच नाहीस." या वाक्याची नोंद मी त्याच दिवशी केलेली आहे, तारीख आणि वेळेसकट. अकरा नंबरची वही. ज्याने लागेल असं बोलावं त्यानेच आधी यावं. मी थोरला आहे. नाकापेक्षा मोती जड होऊन कसं चालेल?

तरी मी मोठ्या मनाने विचार करतो आहे.

११ फेब्रुवारी, रविवार

लोणचं घातलं. म्हणजे चार पंचमांश घातलं.

आईच्या पलंगाशेजारी जुनी चादर पसरली. आईने पाठीला दोन उशा घेतल्या आणि मुलीला एकेक लिंबू पुसायला शिकवलं. मुलगी चौदा वर्षांची, नाव वेगळं असलं तरी आई तिला ठमीच म्हणते. एरवी ही ठमी आपलं ताट उचलत नाही. आज पन्नास लिंबं पुसली, मग आजीने परत पुसायला लावली, तर हूं की चूं नाही. देठाशी पाणी राहतं म्हणे. मग एका लिंबाच्या आठ फोडी, बिया बाजूला. बायकोच्या बोटाला चिरलेलं होतं, त्यात रस गेला, तर दोघी सासू-सुना कितीतरी वेळ हसत होत्या. मी हे घर सहा वर्षांत असं ऐकलं नव्हतं. माझ्याकडे तराजू होता, त्यामुळे मला फोडी करता आल्या नाहीत.

तराजूचं कारण असं की ही पद्धत कुठे लिहून ठेवलेली नाही. आई गेल्यावर, म्हणजे पुढे-मागे, वीस-पंचवीस वर्षांनी, कुणालाच काही कळणार नाही. म्हणून मी प्रत्येकाची मूठ तोलून घेतली. माझी ७१ ग्रॅम. बायको ५२. ठमी ४०. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात, पण उघडून तोललेली बरी.

आईची मूठ मिटेना. बोटं सुजलीत. ठमीने तिच्या तळहातावर मीठ ठेवलं, खालून आपला हात धरला आणि एकेक बोट वळवून दिलं. १९ ग्रॅम. मी आकडा मोठ्याने वाचला. वाचायला नको होता.

मग आई ठमीला काकाच्या गोष्टी सांगत बसली. धाकटा डावखुरा. लहानपणी मीठ घेताना त्याचा हात उलट्या बाजूने यायचा, माझ्या हातावर आपटायचा, मीठ फरशीवर सांडायचं आणि दोघांनाही एकदमच रट्टा बसायचा. मी हसलो. खरंच हसलो.

शेवटी मी मिठाची पिशवी बांधायला घेतली तर आई म्हणाली, त्याची मूठ राहिलीय. तो येईपर्यंत झाकण नुसतं ठेव, घट्ट लावू नकोस.

उद्या फोन. सकाळी नऊला. नक्की.

१२ फेब्रुवारी

नऊला साहेब शेजारी होते. घरगुती गोष्टी ऑफिसात नकोत.

१४ फेब्रुवारी

आईने विचारलं, कधी येतोय. मी सांगितलं, त्याची पाठ धरलीय, वाकता येत नाही. मेकॅनिक माणूस, पाठ धरलेलीच असणार. म्हणजे हे अगदीच खोटं नाही.

आईने विचारलं, वर धरलीय की खाली. मी म्हटलं खाली. ती म्हणाली, गरम पाण्याने शेकायला सांग त्याला. मी म्हटलं, सांगतो.

ठमी पुस्तकावरून माझ्याकडे बघत होती. या वयात मुलं अशी टक लावून बघतात. हार्मोन्स.

१५ फेब्रुवारी

ठमीबद्दल तक्रार. शाळेतून आली की आजीच्या खोलीत जाते आणि दार लावून घेते. मोबाइल घेऊन. आजारी माणसाच्या खोलीत मोबाइल! मी दोनदा बाहेरून ऐकलं, आत बोलणं चालू होतं. आजीला कसले व्हिडिओ दाखवत असेल देव जाणे. तिला चांगलं फैलावर घ्यायचं ठरवलं आहे. या आठवड्यात.

माझ्याकडून आज आईजवळ पंधरा मिनिटं. थकबाकी आता मोजत नाही. आकड्यांत काय आहे?

१७ फेब्रुवारी

नर्सबाई आल्या होत्या. आईच्या पायांना सूज जास्त. स्वयंपाकघरात बायकोशी बराच वेळ हळू आवाजात बोलल्या. मी गेलो तेव्हा गप्प झाल्या. बरंच आहे, बायकांना मोकळेपणी बोलता आलं पाहिजे.

आई दोनच चमचे खाते. कमी खाणं हृदयाला चांगलं, असं मी कुठेसं वाचलं आहे.

१८ फेब्रुवारी, रविवार

आईला सांगितलं, पाठ बरी आहे पण रजा नामंजूर झाली. त्याचा साहेब फार कडक. आई म्हणाली, त्याचा साहेब तर भला माणूस आहे म्हणत होता. मी विचारलं, कधी म्हणत होता? आईने डोळे मिटले. म्हणाली, पूर्वी कधीतरी.

आईचं डोकं अजून किती शाबूत आहे! सहा वर्षांपूर्वीचं आठवतं. ही सुधारणाच म्हणायची.

२० फेब्रुवारी

बरणीत वरच्या फोडींवर पांढरे ठिपके. तीन.

हिशोब केला. लिंबं दोन किलो शंभर. मीठ १८२ ग्रॅम. आईची मूठ अर्धी-अपुरी, धाकट्याची नाहीच. साधारण शंभर ग्रॅमचं शॉर्टेज. नोंद केली.

बायको म्हणाली, "अहो, मीठ तरी टाका नाहीतर फोन तरी लावा." मी तिला समजावलं की दुसऱ्याच्या वाटचं मीठ टाकायचं नाही हा आजीचा नियम आहे. नियम मोडायला मी कोण? आणि नियम नसता तरी त्याच्या वाटचं मीठ मी का टाकू? घरातून तो गेला. मी इथेच आहे. आईची औषधं मी आणतो. (म्हणजे बायको आणते, पण चिठ्ठी मी लिहून देतो.) प्रश्न मुठीचा नाही, तत्त्वाचा आहे.

ती म्हणाली, तत्त्वाला बुरशी येतेय. बायकोशी वाद घालण्यात अर्थ नसतो.

ठिपके चमच्याने काढून टाकले. चमचा पुसला होता की नाही ते आठवत नाही.

२२ फेब्रुवारी, सकाळी ८

मोठी बातमी. धाकट्याला फोन लावला.

एक रिंग गेली. मग मी कापला, कारण काय बोलायचं ते ठरवलंच नव्हतं. सहा वर्षांनी बोलताना कच्चा खर्डा हवा. बसून केला. पहिला: मी बोलतोय, आई तुझी आठवण काढते, येऊन जा. हा फार मऊ झाला. त्याला वाटेल मीच विनवण्या करतोय. दुसरा: आईच्या इच्छेनुसार तुला कळवण्यात येत आहे. हा गोदामाच्या पत्रासारखा झाला. तिसरा उद्या.

८.२०. त्याचाच फोन आला! मी दाढी करत होतो, गालाला साबण. पाच वेळा वाजून थांबला. म्हणजे बघा, शेवटी आधी फोन त्यानेच केला. माझं म्हणणं सिद्ध झालं.

उलट फोन करण्याची घाई नको. घाई केली की किंमत राहत नाही.

२३ फेब्रुवारी

आईला बसल्या-बसल्या धाप लागते. बोलताना मध्येच थांबते आणि छताकडे बघते. आज मला म्हणाली, काही नाही, नुसता बैस. बसलो. तिने माझा हात उलटा करून तळवा बघितला आणि म्हणाली, तुझी मूठ पहिल्यापासून मोठी.

नंतर मला भीती वाटली. कशाची ते लिहीत नाही.

तिसरा खर्डा राहिला.

२५ फेब्रुवारी, रविवार, दुपारी ४

एक महत्त्वाचा निर्णय घेतला. आईची काळजी मिटवायची. तिचं दुखणं अर्धं त्या काळजीचंच आहे.

ती दुपारी झोपून उठली तेव्हा मी सांगितलं की धाकटा येऊन गेला. तू गाढ झोपली होतीस, उठवू नको म्हणाला. बरणीत मूठ टाकली, तुझ्या पायाला हात लावला आणि पाचच्या गाडीने गेलाही. रजा नव्हती ना.

आई माझ्याकडे बघत राहिली. मग विचारलं, "कुठल्या हाताने टाकली?"

मी म्हटलं, "उजव्या."

"बरं," म्हणाली. मग म्हणाली, आता झाकण घट्ट लावून टाक.

झाकण लावलं. ठमी दारात उभी होती, ती आत गेली आणि आजीशेजारी आडवी झाली.

४.४०. बाल्कनीत उभा असताना आठवलं की तो डावखुरा. आणि पाच अजून वाजायचेच आहेत. पण आईच्या लक्षात आलं नसणार, ती अर्धवट झोपेत होती. चेहरा शांत होता. मला फार हलकं वाटतंय. हे आधीच करायला हवं होतं.

२६ फेब्रुवारी

आई गेली. सकाळी साडेअकराच्या सुमारास.

मी गोदामात होतो. बायकोचा फोन आला, लगेच या. समोर एक पेटी उघडी होती. ती मोजून पूर्ण केली. सात तुकडे. अर्धवट नोंद सोडता येत नाही. जिना चढलो तेव्हा दार उघडंच होतं.

धाकट्याला कळवायला हवं होतं. फोन हातात घेऊन बसलो. अशा बातमीला काय शब्द वापरावेत? दीड वाजला. दोन वाजले. तीनला बेल वाजली. दार उघडलं तर धाकटा. हातात बॅग. घामाने शर्ट पाठीला चिकटलेला. माझ्या तोंडाकडे बघूनच त्याला कळलं. बॅग उंबऱ्यात टाकून तो आत धावला.

याला बोलावलं कुणी?

२८ फेब्रुवारी

सगळं उरकलं. माणसं आली, गेली. आता घरात आम्ही चौघं आणि एक रिकामा पलंग.

धाकट्याने आज सांगितलं. आवाज चढवला नाही. चढवला असता तर मला काहीतरी उत्तर देता आलं असतं.

आई त्याच्याशी रोज बोलत होती. ठमीच्या मोबाइलवरून, दार लावून. पाठदुखी, रजा, कडक साहेब, सगळं तिने त्याला सांगितलं होतं. तो पहिल्याच दिवशी निघत होता. आईने थांबवलं. त्याने कारण सांगितलं ते तिच्याच शब्दांत लिहितो. "थोरला बोलावेल तेव्हा ये. मी गेल्यावर तुम्हा दोघांत फोन चालू राहायला हवा. तो मी असतानाच सुरू व्हायला पाहिजे."

म्हणून तो थांबला. बावीस तारखेला माझी एक रिंग गेली तेव्हा त्याने बॅग भरली. मग तो वर्कशॉपमध्ये फोन खिशात ठेवून गाडीखाली झोपायचा, मी परत करीन म्हणून. रविवारी संध्याकाळी आईनेच फोन केला. म्हणाली, "त्याच्याच्याने नाही व्हायचं. तू ये." पहाटेची पहिली गाडी त्याने धरली. दहा तासांचा रस्ता आहे.

मी म्हटलं, मला वाटलं होतं तिचं लक्ष गेलं नाही. धाकटा म्हणाला, दादा, मी डावखुरा आहे.

मग त्याला बरणी हवी झाली. मी म्हटलं, राहू दे आता. त्याने ती बाल्कनीतून आणली आणि झाकण उघडलं. वर बोटभर पांढरा थर, कडेला हिरवट. वासाने बायकोने खिडकी उघडली. त्याने मिठाचा डबा मागितला. मी म्हटलं, अरे, नासलंय, काय उपयोग? तो म्हणाला, तिने सांगितलंय. डाव्या हाताची मूठ भरली आणि त्या बुरशीवर टाकली.

मी तराजू आणायला उठलो होतो. बसलो.

तोपर्यंत मला रडू आलं नव्हतं. तेव्हा आलं. धाकट्याने माझ्याकडे बघितलं नाही, पण उठूनही गेला नाही. नंतर दोघांनी मिळून बरणी खाली नेली, रिकामी केली. जड होती. नळाखाली घासताना त्याचा हात माझ्या हातावर आपटला.

२९ फेब्रुवारी

धाकटा दुपारच्या गाडीने गेला. ठमी त्याला पोचवायला कोपऱ्यापर्यंत गेली. मी दारात उभा होतो. पोचलास की कळव, असं म्हणणार होतो, पण तेवढ्यात लिफ्ट आली.

संकल्प. उद्या सकाळी नऊला धाकट्याला फोन करायचा. नुसतं, पोचलास का. खर्डा नको, तत्त्व नको. दोन शब्द. आईसाठी एवढं तरी नक्की.

१ मार्च, सकाळी ९

नऊ वाजले.

९.१०. मध्यरात्री पोचला असेल, झोपला असेल. झोपमोड बरी नाही.

९.४०. आता कामावर निघाला असेल. गाडीखाली.

१०.०५. बरणी ओट्यावर पालथी घातली आहे. पुढच्या वर्षी घालू म्हणतो. तीस लिंबं. की चाळीस? हे त्याला विचारावं लागेल.

ठमी येऊन समोर उभी राहिली. तिच्या हातात तिचा मोबाइल. विचारते, "बाबा, काकाला लावून देऊ?"

म्हटलं, थांब जरा, एवढं लिहून होऊ दे.